राधानगरीच्या पावण्याची जखम

चहा ओता आधी, मग सांगतो. आणि हे बघा, मी उभ्यानं पितोय म्हणून खुर्ची पुढं सरकवू नका. बसता येतं मला, अगदी व्यवस्थित येतं. पण त्या आठवड्यात उभं राहायची जी सवय लागली, ती काही सुटत नाही.

गाढवपणा सगळेच करतात हो. पण माणूस आपापला करतो आणि गप्प बसतो. मी केला तो अख्ख्या गल्लीला, एका तरुण मंडळाला आणि थेट राधानगरीला सोबत घेऊन!

तर माझी सगळी नोकरी कोल्हापुरात, शाळेत पी.टी. शिकवण्यात गेली. शिट्टी, ग्राउंड आणि आवाज, एवढ्या भांडवलावर निवृत्त झालो. दर जूनमध्ये नव्या पोरांना पहिल्या तासाला माझा ठरलेला धडा असायचा. "कुत्रं अंगावर आलं तर पळायचं न्हाई! जागेवर उभं राहायचं, ताठ! पळाला त्यो संपला!" अर्ध्या कोल्हापूरनं हा धडा माझ्या तोंडून ऐकलाय. काहींनी तर छडीसकट ऐकलाय.

आणि मग ते कुत्रं आलं.

आमच्याकडं संध्याकाळी चौकात म्हशी येतात. तुमच्यासमोर धार काढायची, फेसाळ ग्लास तुमच्या हातात. तो ग्लास रिचवून, मिशा पुसत मी बोळातनं घरी निघालो होतो. बोळात कुणी नव्हतं. समोर एक तांबडं कुत्रं, एक कान फाटलेला, तोंडाला लाळ. मी थांबलो. ताठ उभा राहिलो. नजर रोखली. त्यानंही नजर रोखली.

मग मी काय केलं असेल?

पळालो हो! असा पळालो की माझ्याच पोरांना मी तसं कधी पळताना बघितलं नव्हतं. पण चार पायांपुढं दोन पाय किती टिकणार? माणूस जिथं बसतो ना, बरोबर तिथं त्यानं दात रोवले. मी किंचाळलो, समोरची भिंत पकडली आणि पलीकडं उडी मारली. या वयात! उडीचं माझं मलाच कौतुक वाटलं, पण ते हवेत असेपर्यंतच.

पडलो तो थेट आमच्या मंडळाच्या कट्ट्यासमोर. कोपर घासून सालटं निघालं, रक्त आलं. कट्ट्यावर बंडूअप्पा बसलेले. बंडूअप्पा म्हणजे मंडळाचे अध्यक्ष, दुधाचा धंदा, आवाज असा की पंचगंगेच्या पलीकडं जावा. सोबत मंडळाची सगळी पोरं, म्हणजे माझीच जुनी पोरं.

"सर! काय झालं वो?"

"कुत्रं..." मी धापा टाकत म्हणालो.

"चावलं?"

आता इथं, बघा, इथं मी 'व्हय, पाठीमागं' एवढं म्हणालो असतो तर किस्साच संपला असता. पण सगळ्यांचे डोळे माझ्या रक्ताळलेल्या कोपरावर. नेहरू शर्ट लांब, त्यामुळं मागचं झाकलेलं. माझं तोंड माझ्या आधी बोललं. "हाताला."

"आणि कुत्रं कुठाय?"

"पळवून लावलं."

"तुम्ही पळाला न्हाई?"

"मी?" एवढंच म्हणालो. तेवढं पुरलं. बंडूअप्पांनी मांडीवर थाप मारली. "ऐकलं का रं? आयुष्यभर जे शिकवलं ते करून दावलं! ह्याला म्हणत्यात गुरुजी!"

घरी जाऊन न्हाणीघराला आतनं कडी लावली आणि खरी जखम साबण लावून वाहत्या पाण्याखाली धुतली. बराच वेळ धुतली. एवढं तरी शहाणपण होतं. मग बायकोला, म्हणजे सुमनला घेऊन दवाखान्यात गेलो.

आणि तिथं खुर्चीत कोण? डॉक्टर वैशाली! मूळची गारगोटीची पोरगी, मामाकडं राहून आमच्या शाळेत शिकलेली. उशीर झाला म्हणून मी तिला ग्राउंडला फेऱ्या मारायला लावलेल्या. ती लगेच उठून उभी राहिली. "सर! या की! कुठं चावलंय?"

आता तुम्हीच सांगा. ज्या पोरीला 'सावधान-विश्राम' शिकवलं, तिच्यासमोर काय काय दाखवायचं? मी कोपर पुढं केलं.

तिनं कोपर उजेडात धरून फिरवून फिरवून बघितलं. "सर, दात दिसत न्हाईत. खरचटल्यागत वाटतंय."

"घासटून गेलं. मी हात झटकला ना."

"दुसरीकडं कुठं लागलंय?"

"न्हाई!" हे मी ग्राउंडच्या आवाजात म्हणालो. सुमननं माझ्याकडं बघितलं.

वैशाली म्हणाली, "कुत्रं पिसाळलेलं असंल तर धोका घ्यायचा न्हाई. रेबीज एकदा उठला की जगात औषध न्हाई. आज लस देते दंडात. आणि ही दुसरी, तयार अँटिबॉडी, जखमेत आणि जखमेच्या भोवती."

दंडात लस टोचली. मग कोपराच्या त्या सालटं निघालेल्या जागेत सुई अशी फिरवली की मला थेट माझी आजी आठवली. पण मनात मी खूश. म्हटलं, औषध अंगात गेलं ना? रक्त काय, सगळीकडं फिरतंच. कोपरातनं गेलं काय आणि पाठीमागनं गेलं काय, पोचायचं ते पोचणारच. इज्जत वाचली, जीवही वाचला!

दुसऱ्या दिवशी सकाळी फिरायला निघालो तर चौकात मीच! दहा फूट उंच! कोल्हापुरात लग्नपत्रिका छापायला वेळ लागतो, फ्लेक्सला नाही. फोटो शाळेच्या निरोप समारंभाचा, पाठीमागं वाघ. आणि खाली मोठ्या अक्षरात, 'पिसाळलेल्या श्वानाला पाठ न दाखवणाऱ्या सरांचा आज संध्याकाळी जाहीर सत्कार'. मी तिथंच चौकात हळूच हात मागं नेऊन जागा चाचपली.

बंडूअप्पांच्या घरी धावलो. "अप्पा, कशाला हे सगळं?"

"गप बसा सर! मांडव पडला, फेटेवाल्याला सांगून झालंय. आनि नुसता सत्कार न्हाई, डॉक्टरीनबाईंना पावणी म्हणून बोलवलंय. त्या लोकांना कुत्र्याबद्दल चार शब्द सांगणार."

संध्याकाळी मला फेटा बांधला, शाल घातली, नारळ दिला. आणि मग म्हणाले, "बसा सर."

कसा बसणार? "मी उभाच बरा," म्हणालो.

बंडूअप्पांनी माईक हातात घेतला. "बघितलं का? जनता जमिनीवर बसलीया म्हणून सर खुर्चीत बसंनात! असा नम्र माणूस दावा मला दुसरा!" टाळ्या! पहिल्या रांगेत सुमन बसली होती, मांडीवर पिशवी. ती टाळ्या वाजवत नव्हती. मला वाटलं, अभिमानानं हात जड झाले असतील.

मग वैशाली बोलायला उठली. आणि काय बोलली हो! मी इतकी वर्षं आवाज चढवून जे पोरांच्या डोक्यात घालू शकलो नाही, ते तिनं आवाज न चढवता घातलं. अजून ऐकू येतंय मला.

"आपल्याकडं पूर येतो," ती म्हणाली. "पुराची तयारी दोन तऱ्हेनं होती. एक, गल्लीतल्या पोरांना पोहायला शिकवायचं. ती लस. लशीत सैनिक नसतात. लस तुमच्या शरीराला शत्रूची ओळख करून देती आणि शरीर स्वतःचे सैनिक तयार करतं. एकदा शिकलं की बरेच दिवस आठवणीत राहतं. पण शिकायला वेळ लागतो. आज पाण्यात उतरवलं आणि आजच पूर आला तर?"

मांडवात माना डोलल्या. ज्यानं महापूर बघितलाय, त्याला हे वेगळं समजवावं लागत नाही.

"मग दुसरी तऱ्हा. बाहेरनं तयार बोट मागवायची. ती अँटिबॉडी. प्रयोगशाळेत बनवलेले तयार सैनिक. त्यांना शिकवायला लागत न्हाई, आल्या आल्या विषाणूला धरत्यात. कुत्रं चावलं की विषाणू जखमेत असतो, आणि तिथनं नसांच्या वाटेनं मेंदूकडं निघतो. शरीर लशीचा धडा शिकेपर्यंत त्याला जखमेतच अडवायचा असतो. म्हणून बोट कुठं सोडायची? जिथं पाणी शिरलंय तिथं! पाणी एका गल्लीत आणि बोट दुसऱ्या गल्लीत, काय उपयोग? म्हणून लस दंडात चालती, अँटिबॉडी जखमेतच द्यायला लागती. सरांचंच बघा. चावलं कोपराला, दिलं कोपराला."

फेट्याच्या आत मला घाम फुटला.

माझी बोट कोपरात उभी होती! तिथं ना पूर, ना पाणी, नुसतं खरचटलेलं! आणि खरा पूर जिथं शिरला होता तिथं एक होडकंसुद्धा नव्हतं. तो विषाणू माझ्या नसांतनं निवांत वर निघाला असेल, आणि इकडं मी नारळ धरून उभा. जीव जातो की काय अशी भीती आयुष्यात पहिल्यांदा वाटली.

पण चारशे माणसं समोर! मग मी केलं काय, माईक मागून घेतला आणि म्हणालो, "डॉक्टर, एक शंका. समजा, एखाद्याला चावलं एकीकडं आणि त्यानं सुई घेतली दुसरीकडं, तर?"

वैशाली ताडकन वळली. "कुणी घेतलीया?"

"आमचा एक पावणा हाय. राधानगरीचा."

"त्याला आत्ताच्या आत्ता आणा! जिवाचा खेळ हाय सर! अजून वेळ गेलेली न्हाई."

झालं! कोल्हापूरच्या माणसाला कुणाचा जीव धोक्यात आहे म्हणून सांगा, आणि मग त्याला थांबवून दाखवा. सत्कार राहिला बाजूला. बंडूअप्पा गरजले, "जीप काढा रं! सर, पावण्याचं नाव?"

"नाव... पांडुरंग."

"राधानगरीत कुठं?"

"धरणाच्या अलीकडं."

"अलीकडं म्हंजे?"

"थोडं पलीकडं."

"काळजीच सोडा! माझी भैन दिलीया तिथं." अप्पांनी फोन लावला, स्पीकरवर टाकला, वर माईक धरला. "आक्का! तुमच्याकडं पांडुरंग नावाचा कुत्रं चावलेला माणूस हाय का? लगोलग दवाखान्यात न्यायचाय! मरंल न्हाईतर!"

थोड्या वेळानं आक्काचा फोन आला. अख्खा मांडव कान टवकारून.

"बंडू, पांडुरंग दोन हाईत! एक म्हातारा, एक तरणा. दोघंबी म्हणत्यात, आमास्नी चावलंच न्हाई."

"लाजत असतील! कोण कबूल करतंय? दोघांस्नी घाला गाडीत!"

"घातलंय की! म्हातारा लई लाथा झाडतोय. चौघांनी धरलाय."

फोनमधनं मागं कुणीतरी ओरडत होतं, "अरं, मी आयुष्यात कुत्र्याच्या वाटंला गेलो न्हाई रं!"

पोरं बूट चढवत होती. जीप सुरू झाली होती. त्या म्हाताऱ्याचा आवाज ऐकला आणि माझ्यातला मास्तर जागा झाला. म्हटलं, एका खोट्यासाठी त्या बिचाऱ्याला सुया? आणि ती बोट तिकडं राधानगरीला गेली तर माझ्या गल्लीचं काय?

"थांबा!" मी ग्राउंडचा आवाज काढला. सगळे जागच्या जागी. सवय हो! "त्या पांडुरंगांना सोडा. पावणा मी हाय."

बंडूअप्पांना उमगेना. "म्हंजे कोपराला चावलं न्हाई?"

"न्हाई."

"मग कुठं?"

मी फक्त खुर्चीकडं बघितलं.

पुढच्या रांगेतली एक म्हातारी शेजारणीला म्हणाली, "तरीच! मगाधरनं सर बसंनात!"

आणि मग जो हशा उठला! मांडवाचे खांब हालले असतील. पण एक सांगू? त्या हशात विष नव्हतं. हसत हसतच पोरांनी मला स्टेजवरनं उचलून खाली घेतलं, आणि बंडूअप्पा डोळे पुसत फोनवर सांगत होते, "आक्का, दोन्ही पांडुरंग सोड! आमचाच घावला!"

वैशाली मात्र हसली नाही. तिनं पर्स उचलली. "चला सर."

मांडवाबाहेर रिक्षा उभी. सीटवर उशी ठेवलेली. सुमन आधीच बसलेली, मांडीवर तीच पिशवी, पिशवीत दवाखान्याची फाईल.

"रिक्षा कुणी बोलवली?" मी विचारलं.

"मी. कार्यक्रमाच्या आधीच."

"तुला ठाऊक होतं?"

"दुपारी पायजमा धुवायला घेतला तवा कळालं. मागं दातांची भोकं. कोपराला चावणारं कुत्रं पायजम्याला भोकं कसं पाडंल?" ती शांतपणे म्हणाली. "तुम्हास्नी विचारलं असतं तर खिळ्याला अडकला म्हणला असता. म्हणून वैशालीला फोन केला. म्हटलं, बाई, स्टेजवर जरा फोड करून सांग, आमच्या घरात एकाला उमजंना. कार्यक्रम संपेपर्यंत बोलला न्हाईत तर फेट्यासकट उचलून न्यायचं ठरलंतं आमचं."

नवऱ्याची लाज राखायची आणि जीवही राखायचा, असा बेत सुमननं माझा पायजमा पिळता पिळता केला होता. मी उशीवर एका अंगानं कलंडलो.

दवाखान्यात पालथा झोपलो. फेटा तसाच डोक्यावर, घाईत सोडायचा राहिला. वैशालीनं जखम पुन्हा धुतली आणि त्या जखमेत, जखमेच्या चारी बाजूंनी, तयार सैनिक उतरवले. दुखलं, चांगलंच दुखलं. दुखणं विसरायला मी विचारलं, "हे सैनिक येतात कुठनं?"

"पूर्वी घोड्याला टोचून त्याच्या रक्तातनं काढायचे, न्हाईतर माणसांच्या रक्तातनं. अजूनही वापरत्यात. पण हे वेगळे. नेमकी अँटिबॉडी बनवणारी एक पेशी शोधायची आणि तिचीच पिलावळ प्रयोगशाळेत वाढवायची. सगळ्या अँटिबॉडी अगदी एकसारख्या."

म्हटलं, वा! आयुष्यभर शिट्टी फुंकून मला चाळीस पोरं एका रांगेत एकसारखी उभी करता आली नाहीत. आणि कुठल्या तरी माणसानं भिंगाखाली डोळे फोडून असे सैनिक उभे केले, की एकाचा पाय चुकत नाही! आणि ते आता माझ्या असल्या जागी पहारा देतायत! पालथ्या पालथ्या मी त्या न बघितलेल्या माणसांना मनात सलाम ठोकला. हसू नका, खरंच भरून आलं होतं.

"मग आता लस बंद केली तर चालंल? तयार सैनिक आलेत की."

"सर!" आता तिनं माझाच ग्राउंडचा आवाज काढला. "बोट किती दिवस दारात राहणार? पूर ओसरला की जाणार. पोहायला तुम्हालाच शिकायला लागंल. सगळे डोस घ्यायचे. एक चुकवला तर ग्राउंडला फेऱ्या!"

सुई काढून तिनं पट्टी लावली आणि हळूच म्हणाली, "तुम्हीच सांगायचा सर. 'ग्राउंडवर लागलं तर लगेच सांगायचं, लपवलं तर वाढतं.' मी हे अजून रोज पेशंटना सांगते." मी मान उशीत खुपसली. पोरीनं माझे दोन्ही धडे ऐकले होते आणि त्यातला बरोबर तोच आयुष्यभर जपला होता.

डोस सगळे घेतले, एकही चुकवला नाही. मी ठणठणीत आहे, बघताय तुम्ही. पुढच्याच रविवारी राधानगरीचे दोन्ही पांडुरंग मला बघायला आले, घरच्या तांदळाचं बोचकं घेऊन. म्हातारा म्हणाला, "सर, तुमच्यापायी चौघांनी धरलंतं मला. पर कबूल झाला, लई बरं केलं." जेवूनच गेले दोघं.

आणि तो फ्लेक्स? वाघाचा फ्लेक्स त्याच रात्री उतरवला. मी सुटलो म्हणून श्वास सोडला, तर बंडूअप्पा घरी आले. "सर, फ्लेक्सचा सांगाडा मोकळा ठेवायचा न्हाई. वैशालीबाई म्हणाल्या, लोक लाजंपायी जखम दाखवंनात. मग आम्ही नवीन छापलाय."

चौकात जाऊन बघितला. 'कुत्रं चावलं तर लाजू नका! जखम धुवा, डॉक्टरला खरी जागा दाखवा!' आणि फोटो मांडवाबाहेर कुणीतरी मोबाईलवर काढलेला. डोक्याला फेटा, बगलेत नारळ, एक हात मागं धरून मी रिक्षात चढतोय.

फोटो पाठमोरा आहे हो. चेहरा दिसतच नाही. तरी अख्खं कोल्हापूर मला त्यावरून ओळखतं!